व्रेतोसचा नकार

दुकानातल्या मुलीने विचारलं, "बॅग हवी का?" आणि गंधार नवाथेने हनुवटी वर नेली, भुवया उंचावल्या, पापण्या अर्ध्या मिटल्या आणि मान सावकाश खाली आणली. म्हणजे नको. अथेन्समध्ये शंभर वर्षांपूर्वी याचा अर्थ नको असा होता आणि आजही तोच आहे. आठवडाभर तो आरशासमोर, गाडीत, अगदी आंघोळ करतानाही हेच करत होता, आणि आज पहिल्यांदाच ते एका परक्या माणसावर वापरून बघत होता. मुलगी क्षणभर त्याच्याकडे बघत राहिली. मग बहिऱ्याशी बोलावं तसं मोठ्यांदा म्हणाली, "बॅग! बॅग हवी का?" त्याने पुन्हा मान वर केली. तिने सुस्कारा सोडला, पिशवी काढली, ब्रेड आणि दूध तिच्यात कोंबलं आणि त्याच्या हातात दिली. तो "थँक्यू" म्हणाला. शिल्पाने, म्हणजे त्याच्या बायकोने, आठवणीने दिलेली कापडी पिशवी कोटाच्या खिशात तशीच घडी घालून पडली होती. बाहेर लीड्सचं आभाळ नेहमीसारखं कळकट होतं. फुटपाथवर उभा राहून त्याने हातातल्या पिशवीकडे बघितलं आणि त्याला एकदम इतका संताप आला की दूध तिथेच आपटावंसं वाटलं. खरं तर झालं काय होतं? पण साधी पिशवी नाकारता येत नाही, तर उद्या कॅमेऱ्यासमोर उभं राहून काय दिवे लावणार होतो आपण?

गंधार नट होता. म्हणजे पोटासाठी नट, आणि पंधरा वर्षं. इंग्लंडातल्या घराघरांत त्याचा चेहरा माहीत होता आणि नाव एकाही घरात नाही. मालिकांत तो डॉक्टर असायचा, नाहीतर दुसरा डॉक्टर, नाहीतर टॅक्सीवाला, नाहीतर पहिल्या पाच मिनिटांत मरणारा दुकानदार. 'आम्ही शक्य ते सगळं केलं' हे वाक्य त्याने इतक्या वेळा म्हटलं होतं की झोपेतून उठवलं तरी योग्य त्या दुःखाने म्हणून दाखवलं असतं. बसमध्ये म्हाताऱ्या बायका त्याला हटकून विचारत, की माझ्या गुडघ्याचं ऑपरेशन तुम्हीच केलंत ना? यातली गंमत अशी, की त्यातल्या काहींचं खरोखरच त्याच्या वडिलांनी केलेलं असायचं. तोही मग गुडघा कसा आहे ते विचारायचा. नाही, मी तो नव्हे, हे त्याच्याने कधी सांगवलं नाही. आलेलं काम त्याने कधी परत पाठवलं नव्हतं. एकदा तर एकाच महिन्यात दोन वेगवेगळ्या वाहिन्यांवर तो दोनदा मेला होता, आणि उर्वीच्या, त्याच्या मुलीच्या, वर्गातल्या पोरांनी तिला शोकसंदेश पाठवले होते.

आणि आता एकोणपन्नासाव्या वर्षी त्याला मुख्य काम मिळालं होतं. ग्रीक सिनेमाच्या पहिल्यावहिल्या दिवसांवर एक माहितीपट होत होता, आणि त्यात थानासिस व्रेतोस नावाच्या नटाचं आयुष्य अभिनयाने उभं करायचं होतं. हे नाव ग्रीसमध्येही कुणाला ठाऊक नाही, मग लीड्समध्ये कुठून असणार? तुर्कस्तानच्या किनाऱ्यावरचं स्मिर्ना शहर १९२२ साली जळलं तेव्हा जीव घेऊन पळालेल्या हजारो माणसांतला तो एक. अथेन्सला आला, नाटक मंडळीत भालदार-चोपदाराची कामं करत राहिला, आणि मूकपट तिथे नुकते कुठे मूळ धरत होते तेव्हा दोन चित्रपटांत दिसला. पहिला चित्रपट कुठे गेला कुणास ठाऊक. दुसऱ्यातली चारेक मिनिटं वाचली. त्यात व्रेतोस कॉफीच्या दुकानात वाढप्या आहे, हातात तबक, ओठावर भरघोस मिशी. उंची टोपी घातलेला एक गृहस्थ आत येतो, त्याच्या कानाशी लागून काहीतरी विचारतो. व्रेतोस मान वर नेतो. बस. गृहस्थ काही क्षण उभा राहतो आणि निघून जातो. त्या काळी मध्ये मध्ये अक्षरांची पाटी यायची, ती इथे हरवली आहे. त्यामुळे त्या माणसाने काय विचारलं ते आता जगात कुणालाच माहीत नाही. व्रेतोसने मात्र त्याला नाही म्हटलं, आणि असं म्हटलं, की चार मिनिटांतलं बाकी सगळं विसरलं तरी तेवढं डोळ्यांपुढून हलत नाही. त्यानंतर तो माणूस सिनेमात पुन्हा दिसला नाही. गंधारला त्याचं काम मिळालं ते नाकामुळे. दिग्दर्शक ह्यू त्याला पहिल्या भेटीतच म्हणाला होता, "तुमचं नाक बघून मला रडू आलं." नाकाचं असं कौतुक आजवर कुणी केलं नव्हतं, त्यामुळे गंधारलाही जरासं भरून आलं होतं.

पहिल्या दिवशी, म्हणजे काल, सुरुवातीला सगळं छान झालं. जुन्या गिरणीतली एक मोठी खोली त्यांनी अथेन्समधलं कॉफीचं दुकान म्हणून सजवली होती. व्रेतोस होऊन तो जळत्या शहरातून पळाला, बोटीत बसला, नाटकाच्या विंगेत भाला धरून उभा राहिला. मग तो क्षण आला. हा क्षण इथे गंधारने करायचा आणि त्याच्या चेहऱ्यावरून चित्र हळूहळू खऱ्या व्रेतोसच्या चेहऱ्यात विरघळत जायचं, अशी ह्यूची कल्पना होती. अख्खा माहितीपट त्या एका मानेवर तोललेला होता. गंधारने मान वर नेली. "कट," ह्यू म्हणाला. "सुंदर. फक्त तुम्ही विचारताय. तुम्ही नकार द्यायचाय." पुन्हा केलं. पुन्हा तेच. ग्रीक चालीरीती बघायला देस्पिना नावाच्या बाई होत्या, युनिव्हर्सिटीत शिकवणाऱ्या, साठीच्या, सतत थंडीने कुडकुडणाऱ्या. त्यांनी दोन्ही वेळा बघून घेतलं, आणि मग शालीतून तोंड बाहेर काढून म्हणाल्या, "ही इज सेइंग व्हॉट." काय. तो 'काय?' म्हणतोय. गंधारने विचारलं, की मी नेमकं कशाला नाही म्हणतोय ते कळलं तर सोपं जाईल. ह्यू खूश होऊन म्हणाला, की तेच तर आपल्याला माहीत नाही, त्यातच तर सगळी मजा आहे. मजा! गंधारला वाटलं, हातातलं तबक याच्या डोक्यात घालावं. मग तो म्हणाला, की हो, खरंच, मजाच आहे.

देस्पिनाबाईंना ती मान परकी होती, पण गंधारला ती चांगलीच ओळखीची होती. ती त्याच्या घरातली होती. बाबांची. डॉक्टर मुरलीधर नवाथे, मिरजेहून आलेले हाडांचे सर्जन, यांनी उभ्या आयुष्यात पोराला 'काय' हा शब्द तोंडाने विचारला नसेल. हनुवटीचा एक झटका वर. शाळेतून आलं की झटका, म्हणजे काय विशेष? निकाल हातात दिला की झटका, म्हणजे एवढेच का? आठ वर्षांचा असताना गंधार या देशात आला, नवी भाषा, नवी शाळा, संध्याकाळी चारलाच पडणारा काळोख, आणि दारात ओव्हरकोट घातलेले बाबा, ज्यांच्या हनुवटीला रोज काहीतरी उत्तर द्यावं लागायचं. तोही देत सुटायचा. शाळेच्या नाटकात मेंढपाळ झालो, हे सांगितलं तेव्हा झटका. पुढच्या वर्षी राजा झालो. झटका. उत्तर देऊन संपलं तरी हनुवटी वरच राहायची, आणि बाबांचे डोळे त्याच्यावर, आणखी काहीतरी येणार आहे अशा अपेक्षेने. या माणसासमोर आपलं बोलणं कधी पुरेसं होतच नाही, ही धास्ती तेव्हापासून त्याच्या अंगात मुरली होती. आपली हनुवटीही तशीच उडते, हे मात्र कालपर्यंत त्याच्या ध्यानात आलं नव्हतं.

शूटिंगहून घरी आल्यावर त्याने उर्वीला लॅपटॉपवर व्रेतोस दाखवला आणि मग स्वतः करून दाखवलं. उर्वी सोळा वर्षांची, तोंडाने फटकळ, आणि मराठीची फिकीर न करता मराठी बोलणारी. "बाबा, तू आजोबासारखा करतो," ती म्हणाली. "आजोबाचा मान असाच वर जातो. इट्स नॉट अ नो. तुझा डोळा बघ ना, तो वेट करतो. त्या माणसाचा डोळा वेट नाही करत. ही जस्ट डझन्ट केअर व्हॉट यू से नेक्स्ट." मग त्याचं तोंड बघून तिने त्याच्या पाठीवर थोपटलं. "इट्स ओके. तू नाइस आहे. नाइस लोकांना नाही येत." शिल्पा स्वयंपाकघरातून ओरडली, "त्याला म्हणावं, शनिवारी माझ्या कलीग्जना जेवायला बोलवू नको म्हटलं होतं मी, आणि यानेच हो म्हणून ठेवलंय. त्याला प्रॅक्टिसला मी देते सिच्युएशन." दोघी हसल्या. तोही हसला. रात्री अंथरुणावर पडल्यावर त्याला त्या हसण्याचा राग आला, पण तोवर हसून झालं होतं.

नाही म्हणता न येणं हा काही त्याच्या एकट्याचा दोष नव्हता. तो ज्या घरात वाढला तिथे हा शब्द सहसा वापरायचा नसे. पाहुणा वाढलेलं 'नको नको' म्हणायचा, म्हणजे वाढा. यजमान 'अहो घ्या हो' म्हणायचा, की पाहुणा पुन्हा 'नको', म्हणजे थोडंच वाढा. खरं नको कुठलं आणि खोटं कुठलं, हे आईला पानाकडे न बघताही कळायचं, त्याला अजून कळत नाही. आणि मोठ्या गोष्टींसाठी बाबांकडे एक शब्द होता. बघू. सतरा वर्षांचा असताना त्याला लंडनच्या एका नाट्यशाळेने प्रवेशपरीक्षेला बोलावलं होतं. नाश्त्याच्या टेबलावर त्याने बाबांना विचारलं, मी जाऊ का? बाबा टोस्टला लोणी लावत होते. हनुवटी वर गेली. त्याने सगळं सांगितलं, अगदी घाईघाईने, लाळ गिळत, आणि बाबा म्हणाले, "बघू." तोवर तो इंग्लिशमध्ये विचार करायला लागला होता. 'बघू' त्याने इंग्लिशमध्ये ऐकलं. वुई विल सी. म्हणजे बाबा बघणार आहेत. हा केवढा दिलासा होता! हाडांचा सर्जन, एकदा बघतो म्हटला की नीट बघणारच, एक्स-रे बघतो तसा उजेडासमोर धरून. तो बाबांनी बघून होण्याची वाट बघत राहिला. इस्टर गेला. बागेत गवत वाढलं, बाबांनी कापलं, पुन्हा वाढलं. परीक्षेची तारीख येऊन गेली. मग एक दिवस तो आईजवळ रडला, आणि आई पोळी लाटता लाटता, तिला खरंच नवल वाटून, म्हणाली, "अरे, बघू म्हणजे नाही. एवढंही कळत नाही तुला?"

तो फार्मसीला गेला. नऊ-दहा वर्षं काउंटरमागे उभं राहून लोकांना पोटाच्या गोळ्या दिल्या, जेवणाआधी की जेवणानंतर ते समजावलं, आणि तिशीनंतर संध्याकाळच्या अभिनयवर्गाला जायला लागला. तिथे जे शिकवलं जाई ते विशीतल्या पोरांनी आधीच शिकून, विसरून, पुन्हा शिकलेलं असे. तेव्हापासून कुठल्याही ऑडिशनच्या बाहेर खुर्चीवर बसला की त्याच्या पोटात तो नाश्ता असायचा. त्या दिवशी बाबा सरळ नाही म्हणाले असते तर! तर तो भांडला असता, दार आपटलं असतं, पळून गेला असता. नकाराशी भांडता येतं. 'बघू'शी कसं भांडणार? त्याला धरायला कुठे कानच नाहीत. हा राग त्याने इतकी वर्षं नीट सांभाळून ठेवला होता, आणि वेळोवेळी काढून तो त्याच्याकडे बघतही असे.

दुकानातल्या त्या पिशवीसकट तो घरी आला तेव्हा बाबा पुढच्या खोलीत क्रिकेट बघत संत्रं सोलत बसले होते. चौऱ्याऐंशी वर्षांचे, आई गेल्यापासून याच्याकडेच राहणारे, गुडघे स्वतःचेच पण मोडलेले. त्यांनी पिशवीकडे बघून हनुवटी उडवली. गंधारने दूध टेबलावर ठेवलं आणि लॅपटॉप त्यांच्या मांडीवर. "बाबा, हे बघा जरा." बाबांनी चष्मा कपाळावर नेऊन व्रेतोस बघितला. "कोण हा?"

"ज्याचं मी काम करतोय तो. उद्या शेवटचा दिवस आहे, आणि मला हे जमत नाहीये. तो नाही म्हणतोय."

"असं नाही म्हणतात?"

"ग्रीसमध्ये."

"मग म्हण की तूही. त्यात काय आहे?" बाबांनी संत्र्याची फोड तोंडात टाकली आणि सहज मान वर करून दाखवली. हुबेहूब 'काय?'. गंधारला हसू यायला हवं होतं. त्याऐवजी तो म्हणाला, "बाबा, मी सतरा वर्षांचा असताना तुम्हाला ड्रामा स्कूलबद्दल विचारलं होतं. तुम्ही बघू म्हणालात."

"म्हणालो असेन."

"तुम्हाला नाही म्हणायचं होतं."

"कोण म्हणालं असं?"

"आई म्हणाली."

"तिने मला विचारलं होतं का, मला काय म्हणायचंय ते?" बाबांनी टीव्हीचा आवाज कमी केला. हे ते सहसा करत नसत. "अरे, तू परत विचारलंच नाहीस. मी आपली वाट बघत होतो. म्हटलं, पोराला एवढं हवंय तर येईल परत, भांडेल, एखाद दिवस जेवणार नाही. मला मेडिकलला जायचं होतं तेव्हा आमचे अण्णा सरळ नको म्हणाले होते. मी तीनदा गेलो त्यांच्यापुढे. तिसऱ्यांदा चप्पल फेकून मारली आणि मग हो म्हणाले. तू निमूटपणे फार्मसीला गेलास. मला वाटलं, नसेल त्याला एवढं हवं." त्यांनी एक फोड गंधारपुढे धरली. "घे." गंधारने ती घेतली. नको म्हणायचं सुचलंच नाही. संत्रं आंबट होतं. बाबांनी टीव्हीचा आवाज पुन्हा मोठा केला, आणि तो तिथेच सोफ्याच्या हातावर बसून राहिला. कुणीतरी बाद झालं. ज्या नकारावर त्याने आपला अख्खा राग उभा केला होता, तो नकार कुणी दिलेलाच नव्हता. आता या रागाचं काय करायचं? बाबांवर तो काढता येत नव्हता, कारण ते वाट बघत होते. स्वतःवर काढायचा, तर तोही वाट बघत होता. एकाच घरात, एकाच टेबलावर, दोन माणसं टोस्ट खात एकमेकांची वाट बघत बसली होती, आणि दोघांनाही वाटत होतं की आपण विचारून झालंय, आता पाळी समोरच्याची. त्याला किंचाळावंसं वाटलं. बाबा म्हणाले, "एलबीडब्ल्यू नव्हता तो."

दुसऱ्या दिवशी गिरणीत हीटर बंद पडला होता. गंधारला मिशी चिकटवली, तबक हातात दिलं. देस्पिनाबाई त्याच्या जवळ आल्या आणि थंडगार हाताने त्याची हनुवटी धरून वर केली. "माझी आई नाही म्हणायची ना," त्या म्हणाल्या, "तेव्हा मान वर जायच्या आधीच ती निघून गेलेली असायची. खोलीत फक्त तिची मान उरायची. तुम्ही जातच नाही. तुम्ही उभे राहता." त्याला कळलं. अगदी पूर्ण कळलं, आणि कळल्यामुळे आणखीनच कठीण झालं. टोपीवाला गृहस्थ आला, कानाशी लागला. त्याचं काम करणारा पोरगा दरवेळी कानात काहीतरी वेगळं पुटपुटायचा, मजा म्हणून. लग्न करशील का? माझी गाडी धुशील का? गंधारने मान वर नेली. त्याला स्वतःलाच आतून जाणवलं, डोळे त्या पोराच्या तोंडावर खिळले आहेत, पुढचं वाक्य ऐकायला, काहीतरी अजून समजावून सांगायला. कट. पुन्हा. कट. ह्यू दर खेपेला 'सुंदर' म्हणत होता, आणि तो जितक्या वेळा सुंदर म्हणे तितका गंधारचा घाम वाढत होता. दुपारपर्यंत त्याच्या मानेला रग लागली. कुणी चहा आणला. कुणीतरी दिवे विझवले. या लोकांच्या चांगुलपणाचा त्याला वीट आला. एकाने तरी म्हणावं, की बाबा रे, तुला येत नाही!

चहा संपायच्या आत ह्यू त्याला खिडकीजवळ घेऊन गेला. खांद्यावर हात ठेवला. म्हणाला, की आपण एक वेगळी वाट काढू. युनिव्हर्सिटीत एक ग्रीक मुलगा शिकतो, देस्पिनाचा विद्यार्थी, चेहरा साधारण जुळतो. मानेचा तेवढा एक शॉट त्याच्यावर घेऊ. तुमची पाठ, तुमचे हात, तबक, ते सगळं तुमचंच. नाव तर पहिलं तुमचंच राहील. तुमची हरकत नाही ना?

आणि गंधारची मान वर गेली. त्याने नेली नाही. भुवया उचलल्या गेल्या, पापण्या मिटत आल्या, आणि मान अशी सावकाश खाली आली की जणू त्याच्यासमोर ह्यू नव्हताच, खिडकी होती आणि खिडकीबाहेर लीड्स. त्याला काही ऐकायचं नव्हतं. काही समजावायचं नव्हतं. ह्यूने खांद्यावरचा हात तसाच ठेवून, जरा मोठ्यांदा, पुन्हा सुरू केलं, "म्हणजे बघा, फक्त तुमची पाठ..." त्याला वाटलं, गंधार 'काय?' म्हणतोय. गंधारची मान पुन्हा वर गेली. तशीच.

"ह्यू," मागून देस्पिनाबाई म्हणाल्या. हातातला कप त्यांनी खाली ठेवला होता. "ही इज सेइंग नो."

ह्यूने गंधारकडे बघितलं, आणि त्याचा चेहरा उजळला. "हेच! हेच!" तो ओरडला. "दिवे लावा! कुणी हलू नका! गंधार, हेच, अगदी असंच, आत्ताच्या आत्ता!" माणसं धावली. दिवे लागले. कुणीतरी त्याच्या हातात तबक आणून दिलं. टोपीवाला पोरगा टोपी शोधत पळाला. गंधार मध्ये उभा होता आणि सगळे त्याच्याकडे आनंदाने बघत होते. इतक्या माणसांनी त्याच्याकडे असं आजवर कधी बघितलं नव्हतं. त्याला हवं होतं ते सगळं दोन पावलांवर होतं. मान फक्त एकदा वर न्यायची होती. पण आता ती नेली तर त्याचा अर्थ होणार होता, हो साहेब, करतो साहेब. नाही म्हणून दाखवायला आधी हो म्हणावं लागणार होतं. त्याला मघाशी जे आलं होतं ते आता बोलावल्यावर कसं येणार? आणि आलं, तर मघाचं खोटं होतं असंच ठरलं की. त्याने तबक टेबलावर ठेवलं.

"नो," तो म्हणाला.

"नाही, नाही, तोंडाने नको," ह्यू समजूत घालत म्हणाला, "मानेने."

"नो, ह्यू. मी करणार नाही. पाठही नाही."

ह्यू त्याच्याकडे बघत होता. गंधारला वाटलं, आता हा चिडेल, हातापाया पडेल, करार काढेल, काहीतरी करेल. ह्यूने दोन्ही हात वर केले आणि एक पाऊल मागे सरकला. "ऑफ कोर्स," तो म्हणाला. "ऑफ कोर्स. मला तुमच्या निर्णयाचा पूर्ण आदर आहे." तो खरंच मनापासून बोलत होता. मग त्याने वळून कुणाला तरी सांगितलं, की त्या मुलाला फोन लावा. मेकअपची मुलगी आली आणि तिने अगदी हळुवारपणे, न दुखवता, गंधारची मिशी काढली.

गाडीत बसून त्याने किल्ली लावली, पण फिरवली नाही. वरच्या ओठाची आग होत होती. सुरुवातीला तरी छान वाटलं. केलं आपण! घरी गेल्यावर उर्वीला सांगायचं. बाबांना सांगायचं. बाबा हनुवटी उडवतील. मग ते ओसरत गेलं आणि त्याला आठवलं, की मुख्य काम होतं, आयुष्यातलं पहिलं, आणि बहुधा शेवटचं. काचेवर बारीक थेंब जमायला लागले होते. गिरणीचं दार समोरच होतं. ते उघडलं. दिव्यांचं काम बघणारा माणूस बाहेर आला, त्याने ई-सिगारेटच्या वाफेचा एक भलामोठा ढग सोडला, गंधारला बघून ओळखीने हात केला आणि आत गेला. गंधार खुर्चीत ताठ झाला होता. तो पुन्हा सैल बसला. ह्यू येईल, असं त्याला वाटत होतं. निदान देस्पिनाबाई तरी, शाल सावरत. काचेवर टकटक करतील. एकदाच, नुसतं म्हणतील, की अहो, असं काय करता, चला ना. त्याने काच थोडी खाली करून ठेवली. आत कुणीतरी हसल्याचा आवाज आला, मग खुर्च्या सरकवल्याचा. एक तरुण मुलगा, काळ्या कुरळ्या केसांचा, सायकल भिंतीला लावून घाईघाईने दारातून आत गेला. गंधार तरी बसून राहिला. दुसऱ्यांदा कुणी विचारलं असतं, तर तो हो म्हणणार होता.